लेक रोज बाहुलीला सलाईन लावते. खेळू देऊ की थांबवू?

साखरपेठेतली
२८ डिसेंबर, रात्री ११:१०

नमस्कार. बरेच दिवस इथं नुसतं वाचते, लिहायची ही पहिलीच वेळ. थोडं लांबेल, पण सगळं सांगितल्याशिवाय कळायचं नाही.

माझी लेक साडेपाच वर्षांची आहे. दिवाळी झाली आणि पंधरा दिवसांत माझ्या सासूबाई गेल्या. नऊ दिवस दवाखान्यात होत्या. पहिले तीन दिवस साध्या वॉर्डात, पुढचे सहा अतिदक्षता विभागात. लेकीला आज्जीचा फार लळा. दोघी एकाच चादरीत झोपायच्या, आणि ती चादर तिनं अजून कुणाला धुवू दिलेली नाही.

गेला महिनाभर तिचा एकच खेळ चाललाय. सासूबाईंनीच तिला एक बाहुली करून दिली होती. आमच्याकडं टॉवेलच्या कटपीसला तोटा नाही. त्यातला लाल काठाचा एक पांढरा तुकडा घेतला, आत सुताचं वेस्टेज ठासून भरलं, डोळ्यांना काळ्या दोऱ्याचे दोन टाके, तोंडाला तांबड्या दोऱ्याचा एक. नाव ठमी. लेक शाळेतून आली की दप्तर टाकते आणि ठमीला पाटावर झोपवते. परकराची नाडी खिडकीच्या गजाला बांधते, तिथं खोकल्याच्या औषधाची रिकामी बाटली उलटी टांगते, आणि नाडीचं दुसरं टोक ठमीच्या हाताला चिकटपट्टीनं लावते. चिकटपट्टीचे तुकडे आधीच कापून पाटाच्या कडेला ओळीनं लावून ठेवलेले असतात. वॉर्डातल्या सिस्टर तसंच करायच्या, ते हिनं कधी टिपलं कोण जाणे. मग बाटलीला टिचकी मारून बघते. शेवटी विचारते, "घरी न्यायचं का?" आणि आवाज जड करून स्वतःच सांगते, "अजून नाही. उद्या बघू." दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. रडत नाही, हट्ट नाही, काही नाही.

वन्सं म्हणतात, घरात आजारपण खेळू नये, अपशकुन असतो, ती बाहुली आधी दूर कर. ह्यांना तर ते बघवतच नाही. बाटली दिसली की पायात चप्पल घालून बाहेर पडतात.

एक दिवस मी मन घट्ट करून ठमीला माळ्यावर टाकलं. लेकीनं विचारलंसुद्धा नाही. स्वयंपाकघरातून लाटणं घेतलं, नॅपकिनमध्ये गुंडाळलं आणि त्याला सलाईन लावलं. मला इतकं गलबलून आलं की तिच्यादेखत स्टुलावर चढून ठमी खाली काढली.

माझं काय चुकतंय का? खेळू द्यावं, का दुसरीकडं मन वळवावं?


शेंगाचटणी
२८ डिसेंबर, रात्री ११:४५

ताई, काढून घेऊ नका. एवढंच सांगायला लॉगिन केलं. लाटण्याचं वाचून डोळ्यात पाणी आलं.


होटगीरोड
२९ डिसेंबर, सकाळी ८:२०

माझं मत वेगळं आहे, राग मानू नका. माझ्या भाच्यानं लहानपणी समोर अपघात पाहिला होता. कितीतरी दिवस गाड्या घेऊन नुसती धडकाधडकी खेळायचा. आम्ही त्या गाड्या उचलून ठेवल्या, त्याला घेऊन गावाकडं गेलो, शेतात, विहिरीवर, वासरांत रमवला. हळूहळू सुटलं. मूल ज्यात गुंततं तेच मनात मुरत जातं असं मला वाटतं. तुमची मुलगी रोज तेच दुःख उगाळतेय. दोन आठवडे मामाच्या गावी नेऊन बघा.


बालवाडीताई
२९ डिसेंबर, दुपारी ३:०५

मी बावीस वर्षं बालवाडी चालवतेय, आपल्या सोलापूरच्या पूर्व भागात. विडी कामगारांची, यंत्रमागावरच्या लोकांची मुलं येतात. साखरपेठेतली, तुमची पोस्ट दोनदा वाचली. तुमचं काही चुकलेलं नाही. लाटण्यानं तुम्हाला उत्तर दिलेलंच आहे. बाहुली काढून घेतली तरी खेळ थांबला नाही, कारण खेळाचं मूळ बाहुलीत नाहीच.

एक गोष्ट सांगते. माझ्याकडं चार वर्षांचा एक मुलगा होता. बोलायचा कमी. बाहुल्यांच्या कोपऱ्यात गेला की एक बाहुली उचलायचा, पण मांडीवर घ्यायचा नाही, गुडघ्याशी बसवायचा. मांडीवर पुठ्ठ्याचं झाकण, त्यात कडुलिंबाची पानं. पानं गुंडाळत बसायचा आणि बाहुलीला म्हणायचा, "हलू नको. हजार व्हायच्यात." आई घरी विड्या वळायची. सूप मांडीवर असलं की पोराला मांडी कुठून मिळणार? पाच-सात दिवस हेच बघितलं. मग एके दिवशी त्यानं पुठ्ठा बाजूला सारला, "झाल्या हजार. ये आता," म्हणाला आणि बाहुलीला ओढून छातीशी घेतलं. किती वेळ तरी तसाच बसला होता. जे हवं होतं ते त्यानं बाहुलीला दिलं, आणि देता देता त्यालाही मिळालं. मी त्याच्या आईला बोलावून फक्त जे दिसलं ते सांगितलं. ती बाई दारातच बसली. दुसऱ्या दिवसापासून मुलाला आत सोडताना दोन मिनिटं मांडीवर घेऊन बसायला लागली.

बाहुली मुलाला काय देते ते मी यातून शिकले. घरात मूल सगळ्यात लहान असतं, निर्णय दुसऱ्यांचे असतात. बाहुलीपुढं ते मोठं होतं. जे त्याच्यावर गुदरलं ते आता त्याच्या हातानं घडतं, त्याला हवं तेव्हा सुरू होतं, हवं तेव्हा थांबतं. लेव्ह वायगॉट्स्की या रशियन मानसशास्त्रज्ञानं १९३३ च्या एका व्याख्यानात म्हटलं होतं की खेळात मूल स्वतःपेक्षा डोकंभर उंच असतं. काठीचा घोडा करणाऱ्या पोराचं उदाहरण त्याचंच. काठी डोळ्यांना दिसते, पण मूल वागतं ते घोड्याच्या अर्थानं. वस्तू आणि अर्थ असे सुटे करता येणं ही विचार करण्याची पहिली पायरी. तुमच्या लेकीनं लाटण्याची ठमी केली, ती नेमकी ही पायरी आहे.

आणि न धुतलेल्या चादरीबद्दल. इंग्लंडमध्ये डोनाल्ड विनिकॉट नावाचे बालरोगतज्ज्ञ होते, पुढं मनोविश्लेषक झाले. मूल एखादी मऊ वस्तू, गोधडीचा कोपरा, चिंधी, बाहुली, जिवापाड सांभाळतं, त्याबद्दल त्यांचा १९५३ साली छापलेला निबंध फार महत्त्वाचा मानतात. आई आणि बाहेरचं जग यांच्या मधली ती वस्तू. आई जवळ नसतानाही आईचा आधार तिच्यात साठवलेला असतो. त्यांनी बजावलं होतं की अशी वस्तू आपल्या मनानं बदलू नये, धुऊसुद्धा नये, कारण वासासकट ती मुलाची असते. ती बदलायची तर मुलानंच. चादर राहू द्या तशीच.

आता करायचं काय? आठवडाभर तिच्याजवळ नुसतं बसा. हातात मेथी घ्या निवडायला, म्हणजे आपल्याला कुणी निरखतंय असं तिला वाटणार नाही. तिनं काम सांगितलं तर करा. पण गोष्ट तुम्ही पुढं ढकलू नका. 'ठमी बरी झाली, चला घरी' असं तुम्ही म्हणायचं नाही, कितीही वाटलं तरी. आणि एक नीट बघा: ती स्वतः डॉक्टर झाली, ठमी पेशंट झाली, मग तुम्हाला कोण करते?

होटगीरोड, तुमच्या भाच्याला वासरं मिळाली, विहीर मिळाली, सोबत तुम्ही मिळालात. त्याला आधार त्याचा झाला. गाड्या काढून घेतल्याचा झाला असं मला वाटत नाही.


टॉवेलवाला
२९ डिसेंबर, रात्री १०:३०

ताईंचं वाचून मलाही लिहावंसं वाटलं. बाहुली म्हटलं की सगळे मुलींबद्दल बोलतात. मी मुलाबद्दल सांगतो.

आमचा छोटा कारखाना आहे, आठ माग. मुलगा चार वर्षांचा असताना धाकटी झाली. त्या आधी कामावरच्या एका मावशींनी त्याला काठाच्या टॉवेलची बाहुली शिवून दिली होती. नाक-डोळे काहीच नाहीत, नुसतं गाठ मारलेलं डोकं. धाकटी घरी आली त्या दिवसापासून त्यानं त्या बाहुलीचे असे हाल केले की बघवेना. जिन्यावरून फेकायचा, पायानं तुडवायचा, "जा, परत जा" म्हणायचा. बायको घाबरली, की उद्या हा बाळाला असं करील. माझी आई म्हणाली, "फेकू दे. बाळाला तर नाही ना फेकलं." तो राग कुठंतरी निघायला हवा होता, तो बाहुलीनं सोसला. नंतर तोच तिला चमच्यानं वरण भरवायला लागला. भरवताना स्वतःचं तोंड आधी उघडायचा, जसं त्याची आई बाळाला भरवताना उघडायची.

डोक्याला नाक-डोळे नव्हते ते बरंच झालं असं आता वाटतं. ज्या दिवशी रागावला त्या दिवशी बाहुली रडकी, ज्या दिवशी खूश त्या दिवशी हसरी. दुकानातली बाहुली सदा हसत असते, तिला रडवायचं कसं?

तीच बाहुली तो एकदा शाळेत घेऊन गेला. शाळेचं नाव घेत नाही. सगळ्या वर्गासमोर सरांनी विचारलं, "तू काय मुलगी आहेस का?" मुलं हसली. घरी येऊन त्यानं कुणाशी न बोलता बाहुली मागाच्या शेडमध्ये, वेस्टेजच्या पोत्यात खोल दाबून ठेवली. ते पोतं दुसऱ्या दिवशी जाणार होतं. रात्री अकराला मी अख्खं पोतं उपसलं. सकाळी बाहुली त्याच्या उशाशी ठेवली आणि सांगितलं, बाप पण बाळाला झोपवतो, तुला मी झोपवलंय. शाळेत जाऊनही बोलून आलो. पण तो पुन्हा कधी तिला घराबाहेर घेऊन गेला नाही. याचं मला आजही फार वाईट वाटतं. उद्या त्याला स्वतःचं लेकरू झालं की आपण सगळे म्हणणार, बापानं हात लावायला पाहिजे. मग हात लावायचा सराव करायचा कधी?


विडीघरकुल
३० डिसेंबर, दुपारी १:१५

आमचं घर तेलुगू. मुलगी मराठी शाळेत, गल्लीत कन्नडही कानावर पडतं आणि शेजारी दखनी. तिच्या बाहुलीला आमच्यात बोम्मा म्हणतात, समोरच्या कन्नड घरात गोंबे, शेजारच्या आपा गुडिया म्हणतात. बाहुली सगळ्या नावांना ओ देते.

एक गंमत नाही, खरंच विचार करण्यासारखी गोष्ट सांगते. ती बाहुलीला रागावते मराठीत. "सरळ बस. पाटी कुठाय? पुन्हा लिही." आणि झोपवते तेलुगूत. "पंडुको बिड्डा." म्हणजे झोप बाळा. एकही दिवस उलट झालेलं मी ऐकलं नाही. माझ्या लक्षात आलं की तिच्या मनात शाळा मराठीत आहे आणि कुशी तेलुगूत. त्याआधी मला वाटायचं, घरात पण मराठीच बोलावं, म्हणजे शाळेत मागं पडणार नाही. ते मी सोडून दिलं. झोपायच्या वेळची भाषा कुठली हे मला तिच्या बाहुलीनं सांगितलं.

आंध्रात माझ्या मावशीकडं संक्रांतीला बोम्मल कोलुवु मांडतात. पायऱ्यापायऱ्यांवर कोंडापल्लीच्या लाकडी बाहुल्या, देव, वाणी, नवरा-नवरी, बैलगाडी. पोनिकी नावाचं हलकं लाकूड असतं. लहानपणी आम्हाला हात लावू द्यायचे नाहीत. रात्री मोठे झोपल्यावर आम्ही बहिणी नवरीला खालच्या पायरीवरून उचलून देवाशेजारी बसवायचो. सकाळी मावशी काही न बोलता परत खाली ठेवायची. एका वर्षी तिनं ती वरच राहू दिली.

साखरपेठेतली, तुमची लेक ठमीशी बोलताना आज्जीचे शब्द वापरते का हो?


साखरपेठेतली
३० डिसेंबर, रात्री ११:५०

सगळ्यांना मनापासून धन्यवाद. विडीघरकुल, हो. "काय करायलीस गं बाय," हे आज्जीचं वाक्य. घरात दुसरं कुणी तसं बोलत नाही. तुम्ही विचारलंत म्हणून आज कान देऊन ऐकलं.

ताई, तुमचं ऐकून दोन दिवस मेथी निवडत बसले. पहिल्या दिवशी तिनं माझ्याकडं बघितलंही नाही. आज बाटली टांगली, चिकटपट्टी लावली, मग एकदम माझ्याकडं वळून म्हणाली, "तू इथं नको बसू. बाहेर बस. लहान मुलांना आत सोडत नाहीत."

मी उठून दाराबाहेर जिन्याच्या पायरीवर बसले. आतून दार लोटलं. थोड्या वेळानं दाराच्या फटीतून म्हणाली, "रडायचं नाही. बिस्कीट खा." आणि खरंच एक बिस्कीट सरकवलं.

अतिदक्षता विभागात लहान मुलांना बंदीच होती. ते सहा दिवस ही बाहेरच्या बाकड्यावर कुणा ना कुणाजवळ बसलेली असायची. आम्ही आळीपाळीनं आत जायचो, बाहेर यायचो, डोळे पुसायचो आणि तिला म्हणायचो, रडायचं नाही, बिस्कीट खा. आत काय आहे हे तिला कुणी सांगितलं नाही. शेवटच्या दिवशी तर तिला शेजाऱ्यांकडं ठेवलं आणि ती परत आली तेव्हा सगळं उरकलेलं होतं. मी महिनाभर समजत होते की ती मरणाचा खेळ खेळतेय. ती बाकड्याचा खेळ खेळत होती.

पायरीवर बसून मी ते बिस्कीट खाल्लं. आता पुढं काय करू ते सांगा.


बालवाडीताई
३१ डिसेंबर, सकाळी ७:३०

बाहेरच बसा. ती जितके दिवस बसवेल तितके दिवस. तिला जे वाटलं होतं ते आता तुम्ही तिच्यासमोर बसून वाटून घेताय.

खेळ संपल्यावर, जेवताना किंवा झोपताना, तिला आत काय होतं ते खरं-खरं सांगा. खाट कशी होती, आज्जीच्या नाकाला नळी का होती, ती बोलू शकत नव्हती पण हात गरम होता, तुम्ही तिचा हात धरला होता. जे खरं असेल तेच. 'आज्जी झोपली' किंवा 'देवाघरी फिरायला गेली' असं म्हणू नका. मुलं शब्दाला धरून चालतात आणि मग झोपायला घाबरतात. आज्जीचं शरीर बंद पडलं, ते पुन्हा चालू होत नाही, हे सांगता येतं. पाच-सहा वर्षांचं मूल हे हळूहळू समजून घेतं, एका बैठकीत नाही. पुन्हा पुन्हा विचारेल. पुन्हा पुन्हा सांगा.


होटगीरोड
३१ डिसेंबर, सकाळी ९:००

बाकड्याचं वाचलं. मी माझं आधीचं मत मागं घेतो. आमच्या भाच्याला आम्ही अपघाताबद्दल एक शब्दही विचारला नव्हता, आजतागायत. आता तो कॉलेजात आहे.

पण एक विचारतो, कारण वाचणाऱ्यांत दुसरेही आईबाप असतील. खेळ आहे म्हणून सोडून द्यायचं कुठवर?


बालवाडीताई
३१ डिसेंबर, दुपारी २:४०

रास्त प्रश्न आहे. खेळानंतर मूल हलकं होतंय का, हे बघायचं. थोडं का होईना खेळात बदल होत राहतो, नवं पात्र येतं, नवा शब्द येतो, तोवर काळजी नको. या लेकीच्या खेळात आई बाहेर बसली, बिस्कीट आलं, म्हणजे खेळ चालतोय. पण महिनोन्महिने तोच खेळ एका शब्दाचाही फरक न होता चालला, खेळून मूल आणखी घाबरं होऊ लागलं, झोप उडाली, जेवण तुटलं, बंद झालेलं अंथरूण ओलं करणं परत सुरू झालं, स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करू लागलं, तर थांबू नका. बालमानसोपचारतज्ज्ञांना दाखवा. तेही मुलांशी बोलताना बऱ्याचदा बाहुल्याच वापरतात.


कंबरतलाव
१ जानेवारी, सकाळी ११:२०

धागा फार चांगला चाललाय. मला वाचायची आवड आहे, म्हणून दोन गोष्टींची भर घालतो.

२०२० साली ब्रिटनमधल्या कार्डिफ विद्यापीठातल्या संशोधकांनी ४ ते ८ वर्षांच्या ३३ मुलांवर अभ्यास केला. मुलं बाहुल्यांशी खेळत असताना डोक्याला टोपीसारखं उपकरण लावून मेंदूतल्या हालचाली मोजल्या. दुसऱ्याच्या मनात काय चाललंय ते ओळखताना मेंदूचा कानशिलामागचा जो भाग कामाला लागतो, तो मूल बाहुलीशी एकटं खेळत असतानाही तितकाच कामाला लागलेला दिसला. टॅब्लेटवर एकटं खेळताना तसं कमी दिसलं. या अभ्यासाला पैसा बार्बी बनवणाऱ्या मॅटेल कंपनीचा होता, तेव्हा तो लक्षात ठेवूनच वाचावा. शिवाय मुलं थोडी होती. पण वर तुम्ही सगळ्यांनी जे सांगितलंत त्याच्याशी ते जुळतं.

दुसरी गोष्ट बार्बीचीच. ती ९ मार्च १९५९ ला न्यूयॉर्कच्या खेळण्यांच्या जत्रेत पहिल्यांदा आली. रूथ हँडलर या बाईंनी आपल्या मुलीला कागदी बाहुल्यांशी खेळताना पाहिलं होतं. मुलगी त्या कागदाच्या बायकांना नोकरीवर पाठवत होती, मोठ्या बायकांचं आयुष्य जगवत होती. तोवर तिथल्या मुलींना हातात मिळायचं ते बहुतेक तान्हं बाळ, म्हणजे खेळ एकच, आई होण्याचा. त्या एका निरीक्षणातून एवढा धंदा उभा राहिला. मला यात महत्त्वाचं वाटतं ते हे की सुरुवात कागदाच्या तुकड्यापासून झाली होती, आणि मुलीला तो पुरत होता.

घ्यायचीच असेल तर लाकडी घ्या. सावंतवाडीच्या चितार आळीतली खेळणी आहेत, बंगळुरू-म्हैसूर रस्त्यावरच्या चन्नपट्टणची लाखेच्या रंगाची आहेत. आपल्याकडं पूर्वी लाकडी ठकी असायची, हातपाय न हलणारी. पण शिवता येत असेल तर चाटी गल्लीतून चिंध्या आणा आणि मुलांना शेजारी बसवून शिवा. डोळे कुठं लावायचे ते त्यांना ठरवू द्या.


मावशी_मधलामारुती
४ जानेवारी, संध्याकाळी ६:१०

माझं वय बासष्ट. मला तुमच्यासारखं अभ्यासाचं सांगता येणार नाही. पण गड्डा, आपल्या सिद्धरामेश्वरांची जत्रा, जवळ आलाय म्हणून लिहिते.

अपशकुनाचं म्हणताय ना, मग आपल्या गावातलंच बघा. सिद्धरामेश्वरांच्या मठाचं अंगण एक कुंभाराची पोर रोज सारवायची, रांगोळी घालायची. तिनं लग्नाचा हट्ट धरला. महाराज म्हणाले, मला संसार नाही. पोर हटेना. तेव्हा त्यांनी आपला योगदंड दिला, याच्याशी लग्न लाव. काठीशी लग्न! आठशे वर्षं उलटून गेली, दर वर्षी संक्रांतीच्या आदल्या दिवशी अख्खं सोलापूर संमती कट्ट्यापुढं उभं राहून त्या लग्नाच्या अक्षता टाकतं. सात नंदीध्वज, म्हणजे मानाच्या उंच काठ्या, येतात, बाशिंगं बांधून. दुसऱ्या दिवशी होम मैदानावर बाजरीच्या पेंढीला शालू नेसवतात, मणी-मंगळसूत्र घालतात. तीच कुंभारकन्या. मग तिला अग्नी देतात. हजारो माणसं बघतात, कितीजणींचे डोळे भरून येतात. कुणी म्हणतं का, पेंढीच तर आहे? कुणी म्हणतं का, लग्नानंतर लगेच आग, अपशकुन?

मी सात वर्षांची असताना आईनं मला ते खांद्यावरून दाखवलं होतं. त्याच साली माझी पाठची बहीण गेली होती. आई घरी कधी रडली नव्हती. पेंढी पेटली तेव्हा ती रडली. मला खाली उतरवलं, पदर तोंडात धरला आणि रडली. तेव्हा मला कळलं नाही. आज या धाग्यावर त्या पोरीचं लाटणं वाचलं आणि कळलं.

मोठ्या माणसांना पेंढी लागते, दंड लागतो. पोरीला ठमी लागली. तिला खेळू दे गं बाई. आणि तुझ्या नणंदेला माझं नाव सांग, वाटलं तर घरी घेऊन ये.


शेंगाचटणी
४ जानेवारी, रात्री ९:०५

मावशी, नमस्कार करते तुम्हाला. दर वर्षी होम मैदानावर जाते मी. भेळ आणि पाळणे एवढंच पोरांना दाखवून येत होते.


साखरपेठेतली
१८ जानेवारी, रात्री १०:४०

उशिरा लिहितेय, माफ करा. सणाची आणि पाहुण्यांची गडबड होती.

मी रोज जिन्यावर बसत होते. मधे तीन दिवस हेही बसले. पहिल्यांदा आपणहून आले. काही बोलले नाहीत, माझ्या शेजारी पायरीवर बसून बिस्कीट खाल्लं. रात्री लेकीला आज्जीबद्दल त्यांनीच सांगितलं, मला जमलं नसतं असं सांगितलं. नळीचं, यंत्राच्या आवाजाचं, आणि शेवटी हात गार पडत गेल्याचं. तिनं विचारलं, "माझं नाव घेतलं का आज्जीनं?" ह्यांनी खरं ते सांगितलं, की ती बोलू शकत नव्हती. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "ठमीला पण बोलता येत नाही. पण तिला कळतं."

वन्सं संक्रांतीला आल्या होत्या. त्यांना मावशींची पोस्ट वाचून दाखवली. त्या काही म्हणाल्या नाहीत, पण जाताना ठमीसाठी तिळाच्या लाडवाचा एक तुकडा बाजूला काढून ठेवला.

परवा खेळात बदल झाला. बाटली होती, नाडी होती, मी पायरीवर. दार उघडलं आणि लेक बाहेर आली. गळ्यात माझी ओढणी स्टेथोस्कोपसारखी. म्हणाली, "आता तुम्हाला आत यायचं. दोनच मिनिटं हं. आवाज करायचा नाही."

मी चपला बाहेर काढल्या आणि आत गेले.